निकालानंतर सुरू होणारे काम : न्यायाधीश फ्रँक जॉन्सन

अध्यक्ष महोदय आणि श्रोते हो,

आजच्या व्याख्यानाचा जाहीर झालेला विषय 'तुरुंग आणि रुग्णालये न्यायालयाने चालवावीत काय?' असा आहे आणि त्या प्रश्नाकडे मी येणारच आहे. परंतु ज्या माणसाच्या नावाशी हा प्रश्न अमेरिकेत कायमचा जोडला गेला, त्याची नीट ओळख करून दिल्याशिवाय उत्तराला हात घालणे मला पटत नाही. संयोजकांनी मला एक तास दिला आहे. वकिलाला एक तास देणे म्हणजे काय, हे त्यांना माहीत असूनही त्यांनी तो दिला, याबद्दल मी त्यांचे आभार मानतो.

हा माणूस म्हणजे फ्रँक जॉन्सन. 1955 ते 1979 या काळात तो अलाबामा राज्यातील माँटगोमेरी शहरात फेडरल जिल्हा न्यायालयाचा न्यायाधीश होता. आपल्याकडे त्याचे नाव फारसे कोणी घेत नाही आणि माझी जुनी तक्रार नेमकी हीच आहे. अमेरिकेतील वर्णभेदाचा विषय निघाला की आपण शाळांतील वर्णभेद घटनाबाह्य ठरवणाऱ्या 1954 च्या ब्राउन खटल्याचे नाव घेतो, सर्वोच्च न्यायालयाचे गुणगान करतो आणि तेथून थेट मार्टिन ल्यूथर किंग यांच्या भाषणाकडे जातो. त्या दहा-पंधरा वर्षांत दक्षिणेतल्या एकेका गावातील एकेका शाळेचे, बसचे, बागेचे आणि मतदारयादीचे काय झाले, हे कोणी विचारत नाही. सर्वोच्च न्यायालयाने तत्त्व सांगितले. ते तत्त्व माँटगोमेरीच्या बसपर्यंत नेण्याचे काम त्याच गावात राहणाऱ्या, त्याच गावच्या चर्चमध्ये जाणाऱ्या न्यायाधीशाला करावे लागले. आमच्या कायद्याच्या अभ्यासक्रमातही हीच खोड आहे. विद्यार्थी अपिलाचे निकालपत्र पाठ करतो, पण ज्या न्यायाधीशाने साक्षीदाराला पिंजऱ्यात उभे असताना पाहिले, त्याच्या कपाळावरचा घाम पाहिला आणि उलटतपासणीतल्या तिसऱ्या प्रश्नाला त्याचा आवाज कसा बसला हे ऐकले, त्या न्यायाधीशाचे नावही त्याला ठाऊक नसते. चाळीस वर्षे जिल्हा न्यायालयात वकिली केलेल्या माणसाचा हा आकस आहे, असे कोणी म्हटले तर मी हरकत घेणार नाही.

एक खुलासा मात्र आवश्यक आहे. त्यांच्या आणि आपल्या जिल्हा न्यायाधीशांत पदनामाखेरीज फारसे साम्य नाही. आपल्या जिल्हा न्यायाधीशापुढे एखादा कायदा घटनाबाह्य असल्याचा मुद्दा आला, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 113 प्रमाणे त्याला तो प्रश्न उच्च न्यायालयाकडे पाठवावा लागतो. अमेरिकेत राज्यांची न्यायालये वेगळी आणि केंद्राची, म्हणजे फेडरल, न्यायालये वेगळी. फेडरल न्यायालयांच्या रचनेत जिल्हा न्यायालय ही पहिली पायरी असली, तरी तेथील न्यायाधीश राज्याचा कायदा रद्द करू शकतो, गव्हर्नरला, म्हणजे राज्याच्या निवडून आलेल्या प्रमुखाला, मनाई हुकूम बजावू शकतो आणि तो मोडला तर अवमानाची कारवाई करू शकतो. त्याची नेमणूक राष्ट्राध्यक्ष सिनेटच्या संमतीने करतात, ती तहहयात असते आणि पदावर असेपर्यंत त्याचा पगार कमी करता येत नाही. घटना लिहिणाऱ्यांनी हे संरक्षण का दिले, ते जॉन्सनच्या आयुष्याकडे पाहिले की कळते.

त्याचा जन्म 1918 साली अलाबामाच्या उत्तरेकडील डोंगराळ विन्स्टन परगण्यात झाला. या परगण्याची एक गंमत आहे. 1861 मध्ये अलाबामा राज्य संघराज्यातून फुटून निघाले, तेव्हा येथल्या लोकांनी त्याला कडाडून विरोध केला. लहान शेतकऱ्यांचा मुलूख, गुलाम जवळजवळ नाहीत, मग दुसऱ्याच्या गुलामांसाठी आपण का मरायचे, असा त्यांचा रोकडा हिशोब होता. लोक आजही त्याला 'विन्स्टनचे स्वतंत्र संस्थान' म्हणतात. सगळी दक्षिण डेमोक्रॅटिक पक्षाच्या मागे असताना हा परगणा रिपब्लिकन राहिला आणि जॉन्सनचे वडील काही काळ अलाबामाच्या विधिमंडळातील एकमेव रिपब्लिकन सदस्य होते. सभागृहात एकट्यानेच हात वर करणाऱ्या माणसाच्या घरात तो वाढला. विद्यापीठातून कायद्याची पदवी घेऊन तो युद्धावर गेला, नॉर्मंडीत लढला, जखमी झाला, परत येऊन जॅस्पर गावी वकिली करू लागला आणि 1953 मध्ये आयझेनहॉवर यांच्या सरकारने त्याला उत्तर अलाबामाचा सरकारी वकील नेमले. त्या पदावर असताना त्याने कृष्णवर्णीय मजुरांना वेठीस धरून राबवणाऱ्या गोऱ्या जमीनदारांवर खटला चालवला आणि गोऱ्या ज्युरीकडून त्यांना दोषी ठरवून घेतले. 1954 सालच्या अलाबामात ही सोपी गोष्ट नव्हती.

1955 च्या ऑक्टोबरात, वयाच्या सदतिसाव्या वर्षाच्या उंबरठ्यावर, त्याची न्यायाधीशपदी नेमणूक झाली. सिनेटचे अधिवेशन चालू नसल्यामुळे ती तात्पुरती होती. त्यानंतर 1 डिसेंबरला रोझा पार्क्स या कृष्णवर्णीय महिलेने माँटगोमेरीच्या बसमधील जागा गोऱ्या प्रवाशासाठी सोडण्यास नकार दिला, त्यांना अटक झाली आणि कृष्णवर्णीयांचा बसवरील बहिष्कार सुरू झाला. पुढच्या जानेवारीच्या 31 तारखेला सिनेटने जॉन्सनची नेमणूक कायम केली आणि दुसऱ्याच दिवशी, 1 फेब्रुवारी 1956 रोजी, बसमध्ये गोऱ्यांना आणि काळ्यांना वेगळे बसवण्याच्या कायद्याविरुद्धचा दावा दाखल झाला. नव्या न्यायाधीशाला टेबल लावून घ्यायला तरी वेळ द्यायचा होता, असे मला नेहमी वाटते.

हा दावा रोझा पार्क्स यांचा नव्हता, हे येथे सांगितलेच पाहिजे. ऑरेलिया ब्राउडर, सूझी मॅकडॉनल्ड, क्लॉडेट कोल्विन आणि मेरी लुईझ स्मिथ या चौघी त्यात वादी होत्या. कोल्विन पार्क्स यांच्याही नऊ महिने आधी, पंधराव्या वर्षी, बसमध्ये अटक झालेली मुलगी. त्यांचे वकील फ्रेड ग्रे हे त्या वेळी पंचविशीतले. राज्याच्या कायद्याला आव्हान असल्यामुळे तेव्हाच्या नियमाप्रमाणे तीन न्यायाधीशांचे न्यायालय बसले. त्यात अपील न्यायालयाचे रिचर्ड राइव्ह्ज, उत्तर अलाबामाचे सीबोर्न लिन आणि जॉन्सन हे होते. साक्षीपुरावे झाल्यावर तिघे खोलीत बसले. रिवाजाप्रमाणे सर्वांत कनिष्ठाने आधी मत द्यायचे, म्हणून राइव्ह्ज यांनी जॉन्सनला विचारले आणि त्याने फारसा वेळ न घेता सांगितले की सार्वजनिक सोयींमध्ये कायद्याने केलेली अशी वेगळी व्यवस्था कायद्याचे समान संरक्षण देणाऱ्या घटनेच्या चौदाव्या दुरुस्तीशी विसंगत आहे. राइव्ह्ज त्याच्याशी सहमत झाले, लिन यांनी विरोधी मत दिले. 5 जूनला निकाल दोनास एक असा लागला आणि नोव्हेंबरात सर्वोच्च न्यायालयाने तो उचलून धरला. या निकालाचे महत्त्व असे की ब्राउन खटला शाळांपुरता होता. तो बसलाही लागू होतो, हे कोणीतरी लिहून द्यायला हवे होते आणि ते दोन अलाबामावासीयांनी लिहून दिले.

सामाजिक किंमत ताबडतोब वसूल होऊ लागली. घराच्या अंगणात क्रॉस जाळला गेला, धमक्यांची पत्रे आली आणि लोकांनी घरी बोलावणे बंद केले. 1961 नंतर वर्षानुवर्षे फेडरल मार्शल, म्हणजे केंद्राच्या न्यायालयांचे सुरक्षा अधिकारी, त्याच्या घराभोवती पहारा देत होते. 1967 च्या एप्रिलमध्ये त्याच्या आईच्या घरी बॉम्बस्फोट झाला. तिच्या पतीचे नावही फ्रँक जॉन्सनच असल्यामुळे बॉम्ब ठेवणाऱ्यांचा घराबाबत घोटाळा झाला, असे मानले जाते. सुदैवाने म्हातारीला इजा झाली नाही आणि तिने शहर सोडायलाही नकार दिला. तिचे नाव अलाबामा होते. ही अतिशयोक्ती नव्हे, खरोखरच अलाबामा होते.

आपल्याकडे निःस्पृह न्यायाधीश म्हटले की रामशास्त्री प्रभुणे आठवतात. राघोबादादांना देहान्त प्रायश्चित्त सांगून रामशास्त्र्यांनी पुणे सोडले. जॉन्सनला ती मोकळीक नव्हती. निकाल देऊन त्याला त्याच गावात भाजी आणायला जायचे होते आणि तेही एकदा नव्हे, चोवीस वर्षे. रामशास्त्र्यांविषयी मला नितांत आदर आहे, तेव्हा कृपा करून कोणी उठून जाऊ नये.

आता मी तो प्रसंग सांगणार आहे, जो सांगितल्याशिवाय माझे कोणतेही व्याख्यान पुरे होत नाही. जॉन्सनचा कायद्याच्या महाविद्यालयातला एक मित्र होता, जॉर्ज वॉलेस. होय, तोच, पुढे गव्हर्नर होऊन 'आज, उद्या आणि सदैव वर्णभेद' अशी घोषणा देणारा. 1958 साली तो राज्याच्या न्यायव्यवस्थेत सर्किट न्यायाधीश होता आणि नुकताच गव्हर्नरपदाची पहिली निवडणूक हरला होता. त्याच सुमारास, 1957 च्या कायद्याने स्थापन झालेला नागरी हक्क आयोग अलाबामात चौकशीला आला आणि त्याने बार्बर आणि बुलक या दोन परगण्यांच्या मतदार-नोंदणीचे दप्तर मागितले. वॉलेसने ते दप्तर आपल्या ताब्यात घेतले आणि जाहीर केले की ते न्यायला आलेल्या फेडरल अधिकाऱ्याला मी तुरुंगात घालीन. प्रकरण जॉन्सनपुढे आले. दप्तर आयोगाला दाखवा, असा हुकूम त्याने काढला.

पुढची हकीगत जॉन्सनने स्वतः नंतर सांगितलेली आहे. एका रात्री उशिरा वॉलेस त्याच्या घरी आला. जुना मित्र, घरात येऊन बसला आणि अडचण सांगू लागला. अडचण अशी की दप्तर द्यावे तर मतदार म्हणणार हा वाकला, आणि न द्यावे तर तुरुंग. म्हणून त्याने मधला मार्ग सुचवला. दहा-पंधरा दिवसांची किरकोळ शिक्षा दे, तेवढी मला राजकारणात उपयोगी पडेल. म्हणजे शिक्षाही हवी, पण मापात हवी! आमच्या वकिली आयुष्यात आम्ही शिक्षा कमी करण्यासाठी रदबदली करणारे पाहिले, शिक्षा अजिबात नको म्हणणारे तर रोजच पाहिले; परंतु सोयीच्या आकाराची शिक्षा मागायला न्यायाधीशाच्या दिवाणखान्यात आलेला न्यायाधीश, हा प्रकार मी दुसरा ऐकलेला नाही. जॉन्सनने त्याला सांगितले की दप्तर दिले नाहीस तर शिक्षा किरकोळ नसेल, जबर असेल.

वॉलेसने मग तिसरी वाट काढली. त्याने घाईघाईने दोन्ही परगण्यांत ग्रँड ज्युरी, म्हणजे आरोप ठेवायचा की नाही हे ठरवणारी नागरिकांची मंडळे, बोलावल्या, दप्तर त्यांच्या हवाली केले आणि ग्रँड ज्युरीने ते आयोगाच्या माणसांना पाहू दिले. दप्तर पोहोचले आणि वॉलेसने ते दिलेही नाही. 26 जानेवारी 1959 रोजी अवमानाची सुनावणी झाली, तेव्हा वॉलेसला दोषी ठरायचे होते, कारण दोषी ठरणे म्हणजे हुतात्मा होणे. जॉन्सनने त्याला निर्दोष सोडले. निकालपत्रात त्याने असे नोंदवले की या गृहस्थांनी आडवळणाने का होईना, हुकूमाचे पालन केलेले आहे आणि राजकारणासाठी उठवलेल्या वावटळीपुढे हे न्यायालय आपली प्रतिष्ठा वाकू देणार नाही. निर्दोष सुटकेचा निकाल एखाद्याला इतका झोंबल्याचे दुसरे उदाहरण मला ठाऊक नाही. पुढे वॉलेस निवडणूक सभांतून जॉन्सनला नाव न घेता लबाड आणि गद्दार म्हणत राहिला आणि 1962 मध्ये त्या जोरावर निवडूनही आला. मैत्री अर्थातच संपली. या प्रसंगात मला सर्वांत आवडते ते हे की जॉन्सनने रागाने शिक्षा दिली नाही आणि मैत्रीने सूटही दिली नाही. पुराव्याने जे सिद्ध झाले, तेवढेच त्याने लिहिले आणि तेच वॉलेसला सर्वांत जड गेले.

जॉन्सन सगळेच निकाल नवे पायंडे पाडणारे देत होता, असा समज होऊ नये. टस्कीगी शहराची चौकोनी हद्द विधिमंडळाने एकदम अठ्ठावीस बाजूंची केली, जेणेकरून जवळपास सगळे कृष्णवर्णीय मतदार शहराबाहेर जावेत आणि गोरा एकही जाऊ नये. त्याविरुद्धचा दावा जॉन्सनने 1958 मध्ये फेटाळला, कारण तोवरच्या निवाड्यांनी त्याचे हात बांधलेले होते. 1960 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय एकमताने फिरवला. फिरवण्याचा अधिकार ज्यांचा आहे त्यांनी फिरवावे, ही त्याची भूमिका होती. ती मला पूर्ण पटत नाही. चौकोनाचे अठ्ठावीस कोपरे पाहिल्यावर तरी धाडस करायला हवे होते, असे मला वाटते.

1965 मध्ये कृष्णवर्णीयांच्या मतदानाच्या हक्कासाठी सेल्माहून माँटगोमेरीला निघालेल्या मोर्चाच्या प्रकरणात मात्र त्याचे खरे कौशल्य दिसते. 7 मार्चला एडमंड पेटस पुलावर पोलिसांनी मोर्चेकऱ्यांना बदडून काढले. मोर्चेकरी न्यायालयात आले, तेव्हा जॉन्सनने प्रथम त्यांनाच सुनावणी होईपर्यंत थांबवले आणि त्याबद्दल चळवळीतल्या लोकांचा रोषही ओढवून घेतला. सुनावणीत त्या दिवसाचे दूरचित्रवाणीचे चित्रण न्यायालयात दाखवले गेले. ते संपल्यावर जॉन्सन काही न बोलता उठला, अंगावरचा झगा सारखा केला आणि कामकाज थोडा वेळ तहकूब करून आत निघून गेला. 17 मार्चला त्याने मोर्चाला परवानगी दिली. मोर्चा काढण्याच्या हक्काची व्याप्ती ज्या अन्यायाविरुद्ध तो काढायचा त्याच्या प्रमाणात असली पाहिजे आणि येथील अन्याय प्रचंड आहे, हे त्याचे सूत्र पुढे खूप गाजले आणि त्यावर टीकाही झाली, कारण आपल्या अन्यायाचे माप कोण घेणार, असा प्रश्न त्यातून निघतोच. परंतु मला त्या हुकूमातील बारकावा अधिक महत्त्वाचा वाटतो. महामार्ग जेथे दोनच पदरी होतो, तेथे तीनशेपेक्षा अधिक लोकांनी चालू नये, असे त्यात आहे. तत्त्व सांगून तो थांबला नाही, रस्त्याची रुंदीही त्याने पाहिली.

संयोजकांची चिठ्ठी आलेली आहे. दहा मिनिटे उरली आहेत आणि तुरुंग व रुग्णालये अजून बाहेरच आहेत. तेव्हा आता मुद्द्यावर येतो.

1970 मध्ये अलाबामाने सिगारेटवरील कराचे उत्पन्न घटल्यामुळे टस्कलूसा येथील ब्राइस मनोरुग्णालयातील सुमारे शंभर कर्मचारी कमी केले. कर्मचाऱ्यांचा आणि रुग्णांचा दावा जॉन्सनपुढे आला. नोकऱ्यांचा प्रश्न बाजूला पडला आणि वेगळाच प्रश्न उरला, तो असा की एखाद्याला उपचारासाठी म्हणून सक्तीने कोंडले आणि उपचारच दिले नाहीत, तर ती कैद नव्हे काय? 1971 मध्ये जॉन्सनने उपचार हा अशा रुग्णाचा घटनादत्त हक्क असल्याचे ठरवले आणि 1972 मध्ये किमान निकष लिहून दिले. एका खोलीत सहापेक्षा अधिक रुग्ण नकोत, आठ जणांमागे एक शौचालय, पंधरा जणांमागे एक नहाणी आणि खोलीचे तापमान 68 ते 83 अंश फॅरनहाइट. घटनेत शौचालयांची संख्या कोठे लिहिली आहे, असा टोमणा तेव्हाही मारला गेला आणि तो टोमणा अगदीच पोकळ नाही.

1976 मध्ये तुरुंगांची पाळी आली. एका तुरुंगात चार फूट रुंद आणि आठ फूट लांब कोठडीत सहा-सहा माणसे कोंबलेली, ना बिछाना, ना दिवा, ना पाणी, जमिनीत शौचाचे एक भोक आणि त्यात पाणी सोडायची कळ बाहेर. पुरावा इतका बोलका होता की वादींची बाजू पुरी झाल्यावर राज्याच्या वकिलांनीच भर न्यायालयात कैद्यांच्या हक्कांचा भंग झाल्याचे मान्य केले. जॉन्सनने प्रत्येक कैद्याला किमान साठ चौरस फूट जागेपासून पुढे सविस्तर हुकूम काढला. वॉलेसने न्यायाधीश तुरुंगाचे हॉटेल करतो आहे, अशी ओरड केली. अपिलात हुकूमाचा काही भाग छाटला गेला, विशेषतः देखरेखीची नागरिक समिती रद्द झाली. 1979 मध्ये तर जॉन्सनने नवे गव्हर्नर फॉब जेम्स यांनाच तुरुंगांचे रिसीव्हर, म्हणजे न्यायालयाच्या वतीने कारभार पाहणारे, नेमले. ज्याच्या विरुद्ध हुकूम, त्यालाच त्याची अंमलबजावणी करायला लावण्याची ही युक्ती आपल्याकडेही अभ्यासण्यासारखी आहे.

माझे उत्तर थोडक्यात सांगतो. न्यायालयाने तुरुंग चालवू नये, ते त्याचे काम नाही आणि त्याला ते जमतही नाही. पण जेथे विधिमंडळ पैसे देत नाही, प्रशासन लक्ष देत नाही आणि आत कोंडलेल्याला मत नाही, तेथे न्यायालयाने हात झटकले तर तो माणूस दाद मागायला जाईल कोठे? जॉन्सनच्या पद्धतीचा गुण असा की त्याने आधी पुरावा ऐकला, दोष राज्याकडूनच कबूल करून घेतले, राज्याला स्वतःची योजना मांडायची संधी दिली आणि ती फसल्यावरच हुकूम लिहिला. आपल्याकडच्या जनहित याचिकांत चालू देखरेखीचे आदेश सहसा उच्च वा सर्वोच्च न्यायालय देते, बहुतांशी शपथपत्रांवर, आणि साक्षीदाराची उलटतपासणी क्वचितच होते. मला ती उणीव वाटते. ज्याने कोठडीचा पहारेकरी पिंजऱ्यात उभा करून पाहिला, त्याच्या हुकूमाला वेगळे वजन असते.

वेळ संपली आहे, म्हणून उरलेले आयुष्य दोन वाक्यांत. 1977 मध्ये कार्टर यांनी त्याला एफबीआय या केंद्रीय तपास संस्थेचा प्रमुख नेमायचे ठरवले होते, पण महारोहिणीचा, म्हणजे हृदयातून निघणाऱ्या मुख्य रक्तवाहिनीचा, विकार निघाल्यामुळे तो बाजूला झाला. 1979 मध्ये अपील न्यायालयावर गेला, 1995 मध्ये त्याला राष्ट्राध्यक्षांचे स्वातंत्र्यपदक मिळाले आणि 1999 च्या जुलैत तो माँटगोमेरीतच वारला.

माझ्या मताविरुद्ध जाणारी गोष्ट लपवणे वकिलाला शोभेल, वक्त्याला शोभणार नाही. मनोरुग्णालयांचा तो खटला डिसेंबर 2003 मध्ये बंद झाला, म्हणजे तेहेतीस वर्षे चालला आणि तो सुरू करणारा न्यायाधीश तोवर हयातही नव्हता. तुरुंगांचे काय झाले म्हणाल, तर 2017 मध्ये माँटगोमेरीच्याच फेडरल न्यायालयात न्यायाधीश मायरन थॉम्पसन यांनी अलाबामाच्या कैद्यांना मिळणारे मानसिक उपचार भयंकर अपुरे असल्याचा निर्णय दिला. त्या न्यायालयाच्या इमारतीला 1992 पासून जॉन्सनचे नाव आहे. थॉम्पसन हे कृष्णवर्णीय आहेत, टस्कीगीचे आहेत आणि त्यांनाही पुन्हा तेच काम हाती घ्यावे लागले. यावर कोणाचा प्रश्न असेल तर तो मी आनंदाने घेईन, फक्त तो प्रश्न असावा, व्याख्यान नको. ते आज माझ्याकडे होते.